नाणेघाटचा घोडा आणि आळ्याचा रेडा



‘बोलाचीच कढी आणि बोलाचाच भात’ ही म्हण आपण पोकळ बोलण्याची टर उडविण्यासाठी वापरतो. शब्दाने पोट भरत नाही, हा तिचा अर्थ. सोमवारच्या बाजारात बैलाचे दात पाहून मगच पैसे मोजणाऱ्या गावाला तो मी सांगावा असे नाही. परंतु हीच म्हण ज्या आजीच्या तोंडी असते, तीच आजी तिन्हीसांजेला घरात कोणी अभद्र बोलले तर त्याला चटकन गप्प करते. कारण वास्तुपुरुष ‘तथास्तु’ म्हणत असतो, अशी तिची समजूत आहे. म्हणजे बोलाच्या भाताने पोट भरत नाही हे खरे, पण बोलाने घर बसते किंवा उठते, हेही तितकेच खरे. ह्या दोन्ही समजुती एकाच माजघरात, एकाच माणसाच्या डोक्यात सुखाने नांदतात, आणि त्यांत विसंगती आहे असे कोणाला वाटत नाही.

ह्या दुसऱ्या समजुतीचा इतिहास आज आपल्यापुढे मांडावयाचा आहे. सांगितल्याने घडते, कथा नुसती घडून गेलेल्याची हकीकत सांगत नाही, तर नसलेले अस्तित्वात आणते, असलेले पालटते, ही ती समजूत. जगात ती सर्वत्र आहे. अरबी कथांतील शहराजाद रोज रात्री गोष्ट सांगून आपले मरण एकेक दिवस पुढे ढकलते. आपल्या उत्तर हिंदुस्थानात, दिवसा गोष्ट सांगितली तर मामा वाट चुकतो, असे मुलांना बजावतात. गेल्या शतकात ऑक्सफर्डचे तत्त्वज्ञ जॉन ऑस्टिन ह्यांनी १९५५ साली अमेरिकेत व्याख्याने देऊन असे दाखविले की, काही वाक्ये कशाचे वर्णन करीत नाहीत, ती उच्चारली की काम होते. ‘मी वचन देतो’ म्हटले की वचन दिले गेले. ते खरे की खोटे असे विचारता येत नाही, फार तर रीतसर झाले की नाही एवढेच विचारता येते. त्यांच्या मरणानंतर १९६२ साली ती व्याख्याने पुस्तकरूपाने निघाली आणि विद्वानांत मोठी खळबळ झाली. आपल्याकडच्या व्रते करणाऱ्या बायकांना मात्र त्यात काही नवल वाटले नसते. कहाणी खरी की खोटी हे त्यांनी कधी विचारले नाही. ती पुरी झाली की नाही, ऐकणारा उपाशी होता की जेवलेला, हातात अक्षता होत्या की नव्हत्या, हे त्यांनी विचारले. शब्दात सामर्थ्य आहे असे म्हणून भागत नाही, त्या सामर्थ्याला नियम असतात. कोणी सांगावे, कोणी ऐकावे, केव्हा, काय देऊन. मला असे वाटते की, समाजाचा खरा इतिहास ह्या नियमांत सापडतो. सांगण्याचा अधिकार कोणाला आणि ऐकण्याचा कोणाला, हे ज्याला कळले त्याला त्या काळची अर्धी समाजरचना कळली.

हा इतिहास पाहण्यासाठी आपल्याला दूर जावयास नको. तो एका रस्त्यावर आहे, आणि त्या रस्त्याच्या कडेलाच आपण बसलो आहोत.

सातवाहनांची राजधानी प्रतिष्ठान, म्हणजे पैठण. तिथला माल कल्याण, सोपारा ह्या बंदरांकडे निघाला की तो घाटमाथ्यावर जुन्नरला येई आणि जुन्नरच्या पश्चिमेला नाणेघाटातून कोकणात उतरे. पैठण-नेवाशाकडून जुन्नरला यावयाचे तर नगरच्या अंगाने अण्याचे पठार ओलांडून बेल्हे-आळे ह्या बाजूने उतरणे ही सोयीची वाट. आजचा नगर-कल्याण हमरस्ताही साधारण ह्याच दिशेने जातो. ह्या वाटेच्या एका टोकाला घोड्याची कथा आहे, मध्यावर रेड्याची. दोन्ही पैठणाशी जोडलेल्या आहेत, आणि दोहोंमध्ये सुमारे तेराशे वर्षांचे अंतर आहे.

आधी घोड्याकडे वळू. नाणेघाटाच्या तोंडाशी जी लेणी आहे, तिच्या भिंतींवर ब्राह्मी लिपीतला एक मोठा लेख आहे. आपल्यापैकी पुष्कळांनी तो पाहिला असेल. निदान वाटेवरचा दगडी रांजण तरी पाहिला असेल. लेखाचा काळ इ. स. पू. पहिले शतक, असे बहुतेक अभ्यासक धरतात. एकोणिसाव्या शतकात साइक्सने त्याकडे लक्ष वेधले आणि पुढे भगवानलाल इंद्रजी, ब्यूलर ह्यांच्या परिश्रमाने तो वाचला गेला. लेख आहे सातकर्णी राजाची राणी नागनिका हिच्या घराण्याचा. आरंभी धर्म, इंद्र, संकर्षण, वासुदेव, चंद्र, सूर्य आणि यम, वरुण, कुबेर, वासव हे चार लोकपाल ह्यांना वंदन आहे. मग राणीचे वर्णन. ती महिना महिना उपवास करणारी, घरात राहून तापसीचे जीवन जगणारी, दीक्षा, व्रते आणि यज्ञ ह्यांत प्रवीण अशी आहे. ही व्रतस्थ बाई लक्षात ठेवा, पुढे तिची आठवण होणार आहे. त्यानंतर येतात यज्ञांची नावे आणि दक्षिणेचे आकडे. राजसूय झाला, अश्वमेध झाला, एकदा नव्हे दोनदा झाला. १,७०० गायी, १० हत्ती, घोडे, रुपे, गाव, हजारो कार्षापण. आपल्या देशातील अंकलेखनाच्या अगदी जुन्या नमुन्यांत ह्या आकड्यांची गणना होते, म्हणून गणिताच्या इतिहासातही नाणेघाट प्रसिद्ध आहे. त्या आकड्यांत एक बाब मला फार मोलाची वाटते. यज्ञ पाहावयास जे आले त्यांना, म्हणजे प्रसर्पकांना, दिलेल्या द्रव्याची वेगळी नोंद आहे. बघ्यांना दक्षिणा! ह्याचा अर्थ काय? नुसते औदार्य? मला तसे वाटत नाही. प्रेक्षक-श्रोता हा त्या विधीचा एक भाग होता आणि विधीच्या प्रत्येक भागाचे देणे चुकवावे लागे.

आता अश्वमेधात कथा कोठे आली, असे आपण विचाराल. अश्वमेध म्हटला की आपल्या डोळ्यांपुढे सोडलेला घोडा, त्यामागे सैन्य आणि अडविणाऱ्याशी लढाई एवढेच येते. पुराणांनी तेवढेच आपल्या गळी उतरविले आहे. शतपथ ब्राह्मणाच्या तेराव्या कांडात त्याची जी हकीकत आहे ती ह्याहून पुष्कळ चमत्कारिक आहे. घोडा सोडला की तो वर्षभर मोकळा हिंडतो. त्याच्या रक्षणाला चारशे जण असतात: राजपुत्र, क्षत्रिय, सूत-ग्रामणींचे मुलगे आणि सेवकांचे मुलगे, शंभर शंभर. ह्या वर्षात राजाने घरी काय करावयाचे? त्याने गोष्टी ऐकावयाच्या. होता नावाचा ऋत्विज सोन्याच्या आसनावर बसतो आणि रोज आख्यान सांगतो. दहा दिवसांत दहा आख्याने, मग पुन्हा पहिल्यापासून. दहा दिवसांचे असे छत्तीस फेरे झाले की तीनशे साठ दिवस भरतात. फिरत फिरत येणारे म्हणून त्याला पारिप्लव आख्यान म्हणतात. तिकडे घोडा भूमीवर फिरतो, इकडे कथा काळातून फिरते. घोडा जाईल तेवढी भूमी राजाची, आणि कथा जाईल तेवढे काय? तेही राजाचे!

हा माझा अलंकार नव्हे. रोज एका राजाचे नाव घेऊन त्याची प्रजा कोण ते सांगावयाचे, आणि त्या प्रजेचे प्रतिनिधी प्रत्यक्ष समोर आणून बसवावयाचे, असा नियम आहे. पहिल्या दिवशी राजा मनू, त्याची प्रजा माणसे. म्हणून साधे गृहस्थ बोलावलेले असतात. दुसऱ्या दिवशी यम, प्रजा पितर. श्रोते म्हातारे लोक. तिसऱ्या दिवशी वरुण आणि गंधर्व; समोर देखणे तरुण. चौथ्या दिवशी सोम आणि अप्सरा. समोर देखण्या तरुणी. पाचव्या दिवशी कद्रूचा मुलगा अर्बुद, प्रजा सर्प. श्रोत्यांत सर्पविद्या जाणणारे. सहाव्या दिवशी कुबेर आणि राक्षस. आणि श्रोते कोण, तर पापी आणि चोर. सातव्या दिवशी असुरांचा राजा. श्रोते व्याजबट्टा करणारे सावकार, आणि त्या दिवशी होत्याने त्यांच्यापुढे काहीतरी मायेचा प्रयोग, म्हणजे चक्क जादूचा खेळ करावयाचा! (सावकारापुढे हातचलाखी करून दाखविणे हे धाडसाचेच काम.) आठव्या दिवशी मत्स्य हा राजा, पाण्यात राहणारी प्रजा, समोर मासे मारणारे कोळी, आणि त्यांना सांगावयाचे शास्त्र म्हणजे ‘इतिहास’. इतिहासाच्या अभ्यासकांनी आपल्या शास्त्राचे हे जुने श्रोते विसरू नयेत. नवव्या दिवशी पक्षी आणि पक्ष्यांची माहिती असलेले, त्यांना पुराण. दहाव्या दिवशी धर्म इंद्र आणि देव, समोर दान न घेणारे विद्वान ब्राह्मण. शेवटी फळ सांगितले आहे. ह्या आख्यानात सर्व राज्ये, सर्व प्रजा, सर्व वेद, सर्व देव, सर्व भुते येतात, आणि ज्याच्यासाठी ते जाणून सांगितले जाते त्याला ती सारी प्राप्त होतात.

नाणेघाटच्या लेखात पारिप्लवाचे नाव नाही. पण दोन अश्वमेध झाल्याचे तो सांगतो, आणि ते यथाविधी झाले असतील तर सातकर्णीने वर्षभर हे ऐकलेले असले पाहिजे. लेखातल्या वंदनात आलेले यम, वरुण, कुबेर, इंद्र हे पारिप्लवातही राजे आहेत, एवढे फक्त सांगून ठेवतो. त्यावरून अधिक अनुमान काढीत नाही.

ह्या व्यवस्थेचा विचार करताना प्रथम तिचे कौतुक वाटते. राजाला सगळ्या जगाचे राज्य पाहिजे असेल तर त्याने चोर, गारुडी, कोळी, म्हातारे, पोरी ह्या सर्वांबरोबर बसून गोष्ट ऐकली पाहिजे! पण जरा थांबून पाहिले की दुसरी बाजू दिसते. ह्या सर्वांना ऐकण्यास बोलावले आहे, बोलावयास नाही. सर्पविद्या जाणणाऱ्याला सर्पविद्या होता सांगणार. मासे मारणाऱ्याला पाण्याच्या राजाची गोष्ट होता सांगणार. प्रजा समोर बसली की सांगणाऱ्याच्या शब्दाने ती राजाची होते. मान डोलावणे एवढेच तिचे काम. आणि घोडा? वर्षभर ज्याच्या पायांनी भूमी मोजली, तो वर्ष भरले की मारला जातो. कथेचे फळ राजाला, दक्षिणा ऋत्विजांना, चार नाणी बघ्यांना, आणि मरण मुक्या जनावराला. सत्तेची कथा अशीच असते. लेण्यात सातवाहन घराण्याच्या माणसांच्या मूर्ती होत्या, त्यांची नावे अजून वाचता येतात. मूर्तींच्या जागी पायांच्या खुणा तेवढ्या उरल्या आहेत.

यज्ञ गेले. पण लेखातली ती महिना महिना उपवास करणारी, व्रतांत प्रवीण बाई गेली नाही. ती आपल्या घरात श्रावणात दिसते. तिच्याजवळ होता नाही, सोन्याचे आसन नाही. पाट आहे, अक्षता आहेत आणि कहाणी आहे. आणि येथे सांगण्याचा अधिकार पालटलेला आहे, कारण सांगणारी बाई आहे.

आदित्यराणूबाईची कहाणी आपल्यांतल्या वडीलधाऱ्या बायकांना पाठ असेल. तिचा विषयच मुळी कहाणीचे सामर्थ्य हा आहे. एका गरीब ब्राह्मणाला रानात नागकन्या-देवकन्यांकडून वसा मिळतो आणि त्याचे दैन्य फिटते. त्याच्या दोन मुली, एक राजाकडे दिलेली, एक प्रधानाकडे. बाप कहाणी घेऊन राणीकडे जातो. तिला वेळ नसतो, राजा शिकारीला निघालेला असतो. प्रधानाची बायको ऐकून घेते. पुढे राणीच्या घरी दारिद्र्य येते आणि प्रधानाच्या घरी भरभराट होते. शेवटी राणीला वसा समजतो आणि ती राजाबरोबर आपल्या नगराला परत निघते. वाटेत मुक्कामामुक्कामाला स्वयंपाक होतो, पण कहाणी सांगितल्यावाचून जेवता येत नाही, आणि सांगावयाला ऐकणारा पाहिजे, तोही उपाशी. मग शोध सुरू होतो. मोळीविक्या सापडतो, तो ऐकतो, त्याची लाकडे सोन्याची होतात. माळी सापडतो, त्याची विहीर आटलेली असते. ऐकताच पाणी लागते. एक म्हातारी भेटते, तिचा एक मुलगा वनात गेलेला, एक डोहात बुडालेला, एक सर्पाने खाल्लेला. ती ऐकते आणि तिन्ही मुलगे परत येतात. शेवटी एक हातपाय नसलेला जीव भेटतो, आणि त्याला हातपाय फुटतात.

राणी मोत्ये हातात घेते. अर्धी स्वतःजवळ ठेवते, अर्धी ऐकणाऱ्याला देते. पारिप्लवाशी ताडून पाहा. तेथेही ठरलेली वेळ, ठरलेले श्रोते, ठरलेले दान. पण फळ राजाला. येथे सांगणारी राणी असून फळ मोळीविक्याला आहे. तेथे श्रोत्यांना बोलावणे जाते, ते येतात. येथे राणीलाच श्रोत्याची गरज आहे, त्याच्यावाचून तिचे जेवण अडले आहे. मोळीविक्याने ‘मला वेळ नाही’ म्हटले असते तर राणी उपाशी राहिली असती! बायकांनी घरात बसून एवढी मोठी उलथापालथ केली आणि ती कोणाच्या ध्यानात आली नाही, ह्याचे मला राहून राहून नवल वाटते. एक गोष्ट मात्र मला कहाण्यांची पटत नाही, ती म्हणजे न ऐकणाऱ्याला दिलेली धमकी. ऐकले नाही म्हणून घर धुळीला मिळवावे, हा कथेचा जुलूम झाला. ज्या बाईला शेतावर जावयाचे आहे तिला खरोखरच वेळ नसतो.

गोंधळाचेही असेच. लग्न झाले तरी घरचा गोंधळ किंवा खंडोबाचे जागरण होईपर्यंत काहीतरी राहून गेले आहे, असे आपल्या भागात मानतात; कोरठणचा खंडोबा तर येथून जवळच. संबळ-तुणतुण्याच्या साथीवर गोंधळी गावोगावच्या देवांना नाव घेऊन बोलावतो, आणि ज्याचे नाव घेतले तो देव चौकावर आला, असे समजले जाते. पूर्वरंगात देव बोलवावयाचे, उत्तररंगात आख्यान लावावयाचे. दिवटीच्या उजेडात नाव उच्चारणे हीच ती क्रिया. तेथेही सांगणारा राजपुरोहित नाही.

आता रेड्याकडे येतो. बेल्ह्याहून पश्चिमेला एका सकाळच्या चालीवर आळे आहे, आणि तेथे रेड्याची समाधी आहे. कथा आपणां सर्वांना ठाऊक आहे. संन्यास घेऊन पुन्हा संसारात आलेल्या विठ्ठलपंतांची मुले वाळीत पडली. ती शुद्धिपत्रासाठी पैठणच्या ब्रह्मवृंदापुढे उभी राहिली. सर्वांभूती आत्मा एक असे ज्ञानदेव म्हणाले तेव्हा कोणी तिकडून चाललेल्या पखालीच्या रेड्याकडे बोट दाखविले, त्याचेही नाव ज्ञाना. रेड्याला मारलेले आसूड ज्ञानदेवांच्या पाठीवर उमटले. मग त्यांनी रेड्याच्या मस्तकावर हात ठेवला आणि रेडा वेद बोलू लागला. ही भावंडे परतताना रेडाही बरोबर निघाला, नेवाशाहून आळंदीकडे येताना आळ्याला त्याने देह ठेवला, आणि तेथे त्याला समाधी देण्यात आली.

कागदपत्रांची बाजू थोडक्यात सांगतो. ज्ञानेश्वरी शके १२१२, म्हणजे १२९० साली नेवासे येथे पुरी झाली. तीत रेड्याची गोष्ट नाही. ज्ञानदेवांनी शके १२१८ मध्ये, १२९६ साली, आळंदीस समाधी घेतली. पैठणच्या शुद्धिपत्राचे साल शके १२०९ सांगतात, पण त्या पत्राच्या खरेपणाविषयी विद्वानांत एकमत नाही. रेड्याची कथा नामदेवांच्या नावाने चालत आलेल्या अभंगांत आहे, आणि त्या सर्वच अभंगांचे कर्तृत्व नामदेवांचे मानावे की नाही, हाही वादाचा विषय आहे. ताहराबादच्या महिपतीने १७६२ साली ‘भक्तविजय’ पुरा केला आणि त्यानंतर ती घरोघर गेली. एवढ्यावरून एखादा कडक इतिहासकार म्हणेल की, रेडा बोलल्याचा समकालीन पुरावा नाही, प्रकरण संपले. त्याचे पहिले वाक्य मला मान्य आहे, दुसरे नाही.

रेडाच का, हा प्रश्न विचारून पाहा. गाय का नाही? गाय वेद बोलली असती तर पैठणच्या विद्वानांना ते गोड वाटले असते. बैल का नाही? बैलाला तर आपण पोळ्याला नटवतो. रेडा हे यमाचे वाहन, महिषासुराचे रूप. दसऱ्याला देवीपुढे कापला जाणारा बळी बहुधा रेडा. आपल्या कोरड्या मुलखात म्हशीच्या पोटी टोणगा झाला की शेतकऱ्याचा चेहरा उतरतो, हे ह्या सभेत कोणाला सांगावयास नको. कोणाला ‘रेडा’ म्हटले तर तो भांडायला उठतो. त्यातून हा पखालीचा रेडा, कातड्याच्या पिशवीतून पाणी वाहणारा. ज्याच्या तोंडी वेद असूच शकत नाही असा एकच जीव शोधावयाचा असता तर हाच सापडला असता. कथा रचणाऱ्या लोकमनाने ही निवड अजाणता केलेली नाही.

आणि आता ज्ञानेश्वरीचा अठरावा अध्याय उघडा. तेथे ज्ञानदेव वेदाविषयी जे म्हणतात ते त्या काळी म्हणावयास मोठी छाती पाहिजे होती. वेद संपन्न आहे खरा, पण त्याच्यासारखा कृपण दुसरा नाही, कारण तो तीनच वर्णांच्या कानी लागला. स्त्रिया, शूद्र आणि इतर जीव ह्यांना त्याने बाहेर ठेवले. तो उणेपणा भरून काढण्यासाठी वेदच गीतेच्या रूपाने कोणालाही मिळेल असा झाला, असा त्यांचा आशय आहे. रेड्याच्या कथेचे मर्म ह्याहून वेगळे काय आहे? ज्ञानदेवांनी जे ओवीत सांगितले, तेच लोकांनी गोष्टीत सांगितले. वेद ऐकण्याचाही ज्यांना अधिकार नव्हता, त्यांच्या गोष्टीत वेद म्हणण्याचा अधिकार एकदम रेड्यापाशी आला. दुसरे असे की, ग्रंथाच्या अखेरीस ज्ञानदेव आपल्या साऱ्या निरूपणाला ‘वाग्यज्ञ’ म्हणतात, वाणीने केलेला यज्ञ. पैठणच्या राजांनी ह्या वाटेच्या एका टोकाला आपल्या यज्ञांचा हिशेब दगडात कोरला. तेराशे वर्षांनी पैठणाहून आलेल्या एका वाळीत पडलेल्या मुलाने ह्याच वाटेवर नेवाशाला दुसरा यज्ञ केला, आणि त्याचे फळ मागताना स्वतःसाठी राज्य मागितले नाही. त्या यज्ञात घोडा मारला गेला. ह्या कथेत जनावराला समाधी मिळाली.

कोणी म्हणेल, हे सगळे मनाचे खेळ झाले. रेडा काही बोलला नाही आणि जग होते तसेच राहिले. जग होते तसे राहिले काय, हे आळ्याला जाऊन पाहावे. तेथे देऊळ आहे, चैत्रात यात्रा भरते, आषाढीला तेथून पालखी पंढरपूरला जाते. एका जनावराच्या नावाने माणसे पायी शेकडो मैल चालतात, वाटेतली गावे त्यांना जेवू घालतात, आणि ज्याच्यापुढे डोके टेकले जाते तो रेडा आहे. दगड, चुना, अन्न, पाय, सगळे खरे आहे. ह्याचे मूळ कारण शोधू गेलात तर एका सांगितलेल्या गोष्टीखेरीज काही हाती लागत नाही. तथापि गोष्टीने जातिभेद मोडला असे मी म्हणणार नाही; तो मोडला नाही हे आपण जाणतो. वारीच्या दिंड्यांतूनही तो पुष्कळ काळ चालत राहिला. पण ‘वेद आमचाच’ असे म्हणणाऱ्याला ह्या मुलखात उत्तर देण्यासाठी कोणाही अडाणी माणसाला शास्त्र शिकावे लागले नाही. रेडा पुरे होता.

येथे थांबलो तर मी आपणांस निम्मेच सांगितल्यासारखे होईल. कारण सांगितल्याने घडते हा नियम चांगल्या कथांपुरता नाही. एखाद्या वाडीत एखाद्या विधवेविषयी कोणी कुजबुजतो की ती भुताळी आहे, तिच्या नजरेने पोर दगावले. ही देखील कथाच. तिलाही सांगणारा आहे, ऐकणारे आहेत, वेळ आहे, आणि तीही खरी होते. त्या बाईचे घर पेटते, तिला मारतात, गावाबाहेर काढतात, कधी जिवे मारतात. तिच्या हाती चेटूक नव्हते. चेटूक होते ते कुजबुजणाऱ्याच्या तोंडी. नरेंद्र दाभोलकरांनी ह्या प्रकारांविरुद्ध कायदा व्हावा म्हणून वर्षानुवर्षे खटपट केली. २० ऑगस्ट २०१३ रोजी पुण्यात त्यांचा खून झाला, त्यानंतर काही दिवसांतच वटहुकूम निघाला आणि त्याच वर्षाच्या डिसेंबरात विधिमंडळाने जादूटोणाविरोधी कायदा मंजूर केला. करणी केल्याचा किंवा भुताळी असल्याचा आळ घेऊन एखाद्याला छळणे हा आता गुन्हा आहे. कायद्यालाही शेवटी हेच मानावे लागले की, बोलण्याने माणसाचे वास्तव पालटते. रेड्याची कथा आणि भुताळीची कथा ह्यांत फरक कसा करावा? दोहोंचाही समकालीन पुरावा नाही, तेव्हा पुराव्याच्या काट्यावर दोन्ही सारख्याच. मी दुसरा काटा लावतो. कथेनंतर बोलणारी तोंडे वाढली की कमी झाली? पहिलीने मुक्याला बोलते केले, दुसरीने बोलत्या बाईचे तोंड बंद केले. श्रद्धावंत आणि नास्तिक दोघांनाही वापरता येईल असा ह्यापरता काटा मला तरी सापडलेला नाही.

आता एक मागणे. इतिहासाचार्य राजवाडे दप्तरांसाठी गावोगाव फिरले, त्याचे कौतुक आपण करतो. पण दप्तरात जे नाही ते तोंडी आहे, आणि तोंडे मिटत चालली आहेत. रा. चिं. ढेरे ह्यांनी गोंधळी, वासुदेव, भुत्ये अशा लोकसंस्कृतीच्या उपासकांचा अभ्यास आयुष्यभर केला. गी पॉइटविन आणि हेमा राईरकर ह्यांच्या प्रयत्नांतून जात्यावरच्या ओव्या जमल्या त्या एक लाखाहून अधिक, आणि त्यांतल्या पुष्कळ पुणे जिल्ह्याच्याच खेड्यांतून मिळालेल्या आहेत. बेल्हे, आळे, अणे, राजुरी ह्या पट्ट्यात रेड्याची गोष्ट किती परींनी सांगतात, हे नोंदवून घेण्यास एका पावसाळ्याची सवड पुरेल. छापील पोथीतली नको, घरातली पाहिजे. रेडा कोणत्या वाटेने आला, कोणत्या पाण्यावर थांबला, कोणी त्याला वैरण घातली, अखेरच्या वेळी तो काय बोलला, ह्याविषयी प्रत्येक वाडीचे काहीतरी म्हणणे असणार. लिहून घेताना नुसती गोष्ट लिहू नये. ती कोणत्या तिथीला, दिवसाच्या कोणत्या वेळी सांगितली, सांगणारी आधी जेवली होती की नव्हती, समोर कोण कोण बसले होते, कोणाला उठवून लावले काय, आणि गोष्ट संपल्यावर कोणाच्या हातावर काय ठेवले, हे सर्व टिपावे. नागनिकेच्या लेखनिकाने बघ्यांना दिलेले कार्षापणसुद्धा वेगळे मांडले होते.